पळीचा शॉट

संपादकांनी वाघ मागितला होता. "आपलं आयुष्य रानात गेलं, दिवाळीसाठी वाघाचा एखादा थरारक अनुभव पाठवा," असं पत्र आलं. आता खरं सांगायचं तर कॅमेरा खांद्यावर घेऊन दाजीपूरपासून चंदगडपर्यंत आणि खाली कारवारच्या रानापर्यंत वीस-बावीस वर्षं हिंडलो, त्यात वाघ मला एकदाच दिसला. तोही जाता जाता. आणि त्या वेळी माझे दोन्ही हात काळ्या पिशवीत होते.

पिशवीचं आधी सांगतो, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. फिल्मला उजेड लागला की ती मेली. म्हणून ती अंधारात भरायची. स्टुडिओत त्यासाठी अंधारी खोली असते, रानात कुठली? तिथं दुहेरी काळ्या कापडाची एक पिशवी असते. तिला सदऱ्यासारख्या दोन बाह्या, बाह्यांना इलॅस्टिक. फिल्म आणि चकती आत टाकायची, चेन लावायची, बाह्यांतून कोपरापर्यंत हात घालायचे आणि आंधळ्यासारखं बोटांनी चाचपत फिल्म गुंडाळायची. नाकावर माशी बसली तरी उडवता येत नाही. तर असा मी बांबूच्या बेटाखाली मांडी घालून बसलेलो, आणि वीसेक पावलांवरून वाघ आडवा गेला. माझ्याकडं त्यानं ढुंकूनसुद्धा पाहिलं नाही. मी त्याला पाहिलं, पण कॅमेऱ्यानं पाहिलं नाही. आणि आमच्या धंद्यात कॅमेऱ्यानं पाहिलं नाही ते घडलंच नाही.

लोकांना हे काम म्हणजे धाडस वाटतं. धाडस कसलं, नुसती वाट बघणं. चंदगडच्या पावसात गव्यांच्या कळपासाठी अकरा दिवस बसलो. पायाच्या जळवा तंबाखूच्या पाण्यानं सोडवायच्या आणि अंगावरची घोंगडी कॅमेऱ्यावर घालायची. बाराव्या दिवशी गवे आले, शांतपणे उभे राहिले, आणि बघतो तर लेन्सला आतून वाफ धरलेली. शिमग्याला डोंगराकडच्या गावांतून शिकारीचा हाका निघायचा, तोही टिपायला जायचो. रानाच्या एका अंगाला सुताची जाळी बांधायची आणि दुसऱ्या अंगानं डबे बडवत, आरोळ्या देत रान उठवायचं. एका गावच्या पाटलांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "पावणं, डुक्कर पडल्यावर फोटू घ्या. पडायच्या आदी घिऊ नगा. तवर आमी झाडावर असतोय."

पुढं कायदा आला, शिकार बंद झाली. बरं झालं. रानात उरलंच काय होतं? तेव्हा शिकारीचं गुणगान म्हणून कुणी हे वाचू नये. मी लिहितोय ते एका शॉटबद्दल. तो मी घेतला नाही. आणि ज्याच्यासाठी घ्यायचा, त्या माणसाला घेतला म्हणून सांगितलं.

माझे वडील, आप्पा, चामड्याचं काम करायचे. आमच्या सगळ्या भावकीत मी पहिला बी. ए. झालो. निकाल लागला त्या दिवशी आप्पांनी हातातली आरी खाली ठेवली आणि पुन्हा मला कधी ती उचलू दिली नाही. "तू आता कातड्याला हात लावायचा न्हाई," म्हणाले. मला वाटतं त्यांच्या मनात मामलेदार कचेरी होती. मी गेलो स्टुडिओत, कॅमेऱ्याची तिकाटणी उचलायला. कोल्हापुरातले स्टुडिओ तेव्हा थकत चालले होते. चार-पाच वर्षं तिकाटणी उचलून मी कॅमेरा शिकलो आणि काम मिळेना तसा माहितीपटांकडं वळलो. आप्पा लोकांना सांगायचे, "बीए हाय आमचा. फोटूच्या खात्यात हाय." असं काही खातं नव्हतं. पण त्यांना ते बोलून बरं वाटायचं आणि ऐकून मलाही.

साठीचं दशक सरत आलं असेल. मुंबईच्या एका कंपनीनं जुन्या शिकारीच्या पद्धतींवर छोटा माहितीपट काढायला घेतला. सिनेमागृहात मुख्य चित्रपटाच्या आधी दाखवतात तसला. कॅमेरामन म्हणून पडद्यावर माझं एकट्याचं नाव पहिल्यांदाच येणार होतं. त्यात एक भाग कोल्हापूरच्या चित्त्यांचा होता.

नव्या वाचकांना हे ठाऊक नसेल. संस्थानी काळात इथं काळविटांची शिकार चित्त्याकडून व्हायची. आपल्या मुलखातले चित्ते संपत आले तेव्हा आफ्रिकेतून बोटीनं आणले जात. त्यांना सांभाळणारा आणि शिकवणारा तो चित्तेवान. संस्थानं गेली, चित्ते मेले, नवे आले नाहीत. चित्तेवानांतला एकच म्हातारा हिंडता-फिरता उरला होता, दस्तगीरचाचा. सत्तरी गाठलेला, काटक, आवाज मात्र असा की रंकाळ्याच्या या काठावरून बोलला तर त्या काठावर ऐकू जावं.

मी पहिल्यांदा त्यांच्या दारात गेलो तेव्हा ते बाजेवर बसून जुबेदाशी, म्हणजे त्यांच्या लेकीशी, भांडत होते. विषय चहातल्या साखरेचा. मला बघून म्हणाले, "कुणाचा रं तू?"

मी आप्पांचं नाव सांगितलं. म्हातारा ताडकन उठला. भिंतीवरच्या खुंटीला एक चामड्याची टोपी होती, ती काढून माझ्या हातात दिली. आतून मऊ, बाहेरून तुळतुळीत, मागं बांधायला दोन वाद्या. चित्त्याच्या डोळ्यांवर घालायची टोपी.

"ह्यो टाका बघ. वळख कुणाचा त्यो."

मला कुठला ओळखता येणार?

"तुज्या बाचा हाय, लेका! माप घ्याला सोता यायचा. चित्ता बाजंवर, आनि तुजा बा दोरी घिऊन म्होरं. हात लटालटा कापायचा, पर माप कदी चुकला न्हाई. आनि तू काय करतुयास?"

"बी. ए. झालोय."

"मंग टोपी शिवाय येती का न्हाई?"

"नाही."

"मंग काय झालास?" म्हणाले, आणि मोठ्यानं हसले. तेव्हापासून मी त्यांचा 'बीए' झालो. खरं नाव त्यांनी कधी विचारलं नाही.

पुढचे पंधरा दिवस मी रोज सकाळी जायचो. सगळं वहीत लिहून घ्यायचो. चित्ता मोठाच पकडावा लागतो, पिल्लू आणून उपयोग नाही. शिकार त्याला आई शिकवते. माणूस त्याला फक्त परत यायला शिकवतो. आणलेला चित्ता बाजेला बांधायचा, त्याच्या शेजारी आपणही बाज टाकायची. महिनाभर बाजारातून, पोरांच्या गलक्यातून, बँडबाज्यातून फिरवायचा. मग बैलगाडीवर बसवायचा, डोळ्यांवर टोपी. काळवीट माणसाला बुजतं, बैलगाडीला बुजत नाही. गाडी सरळ न नेता कळपाभोवती वळसे घेत घेत जवळ न्यायची, टोपी काढायची आणि चित्त्याचं तोंड नराकडं वळवायचं. पुढचा खेळ दहा-बारा श्वासांचा.

"त्येला बिबट्या म्हनू नगंस कुनाम्होरं," चाचांनी बजावलं. "बिबट्याच्या अंगावर फुलं असत्यात. चित्त्याला ठिपकं, बोटं बुडवून लावल्यागत. आनि डोळ्यातनं काळी रेघ खाली तोंडापत्तुर. काजळ वघळल्यागत. दुनयेत लाख जनावरं हायत, पर असं रडल्यालं तोंड दुसऱ्या कुनाचं न्हाई."

आणि मग त्यांनी फळीवरून पळी काढली. लाकडी, लांब दांड्याची, आतून काळी पडलेली.

"चित्ता सोडाय कुनीबी सोडंल. उपाशी जनावर, म्होरं हरीण, त्यात शिकवायचं काय? पर त्येच्या तोंडातलं काढून घ्याचं, आनि वर त्येनं तुज्यावर राग धरायचा न्हाई, ही खरी इद्या. ती हितं हाय." त्यांनी पळी वाजवली. "पिच्चरात बाकी काय न्हाई आलं तरी चालंल, बीए. पळी आली पायजे. आमी काय जनावरं मारनारी मान्सं नव्हं, एवढं कळलं पायजे मान्सास्नी. दे जबान."

मी दिली. बी. ए. झालेल्या माणसाची जबान म्हणून दिली.

आता कच्च्या फिल्मचं सांगतो. ती परदेशातून यायची, मोजून मिळायची. मोठ्या रोलमधून शॉट घेतल्यावर मागं तुकडे उरतात. कुठं तीस फूट, कुठं सत्तर. ते तुकडे आम्ही डब्यात जपून ठेवायचो आणि आपल्या मनासारखं काही दिसलं तर त्यांवर घ्यायचो. दिग्दर्शक त्या दिवशी पडसं होऊन लॉजवर पडले होते. चाचांचं काम आधी एकदा बघून घ्यावं म्हणून मी असाच एक तुकडा काळ्या पिशवीत चकतीवर गुंडाळला. अंगठ्यानं जाडी चाचपली. शंभर फूट असेल, म्हणजे मिनिटाच्या वर, असा अंदाज केला.

सकाळचं ऊन कोवळं होतं. शहराच्या पूर्वेला एका उघड्या माळावर गेलो. चाचांनी ट्रंकेतला संस्थानी खाकी कोट घातला होता, पितळी बटणं चिंचेनं घासलेली. गाडी रामूअण्णांची. हे रामूअण्णा शिकारीच्या दिवसांतले गाडीवान, चाचांचे जोडीदार आणि जन्माचे भांडखोर.

"दस्तगीर, चित्ता कुटं हाय?" रामूअण्णा म्हणाले.

"तुज्या मागं बसलाय. हालू नगंस."

"आनि काळवीट?"

माळावर काळवीट उरलं नव्हतं. लांबवर धनगराची मेंढरं चरत होती. चाचांनी तिकडं हात केला. "आज तीच काळवीटं. गाडी घाल वळशानं."

आणि मग जे झालं त्याची मी तयारी केली नव्हती. मला वाटलं होतं म्हातारा हातवारे करून दाखवेल. पण चाचा गाडीवर बसले आणि त्यांचा डावा हात हवेत एका उंचीवर स्थिर झाला. त्या हाताखाली जनावर होतं. गाडी खड्ड्यातून गेली की हात त्या जनावराच्या मानेबरोबर हलत होता. उजव्या हातानं त्यांनी टोपीच्या वाद्या सोडल्या, टोपी उचलली, हवेतलं तोंड दोन बोटांनी हनुवटीला धरून मेंढरांकडं वळवलं. मग हात सोडला. आणि त्यांची मान डावीकडून उजवीकडं अशी काही फिरली, की व्ह्यूफाइंडरमध्ये मीही कॅमेरा तिकडं वळवला. रिकाम्या माळावर. मग चाचा गाडीवरून उतरले आणि पळाले. सत्तर वर्षांचा माणूस, कोटाची टोकं उडतायत, हातात पळी.

माझा कॅमेरा चावीचा होता. भिंतीवरच्या घड्याळासारखी चावी भरायची, एका चावीत वीसेक सेकंद चालायचा. आत फिल्म असली की आवाज कसा, भरल्या जात्यासारखा. फिल्म संपली की तोच आवाज पोकळ होतो. चाचा पळत जाऊन थांबले, पळीवरचा हात सावरून वाकायला लागले, आणि माझ्या कानाशी आवाज पोकळ झाला. अंगठ्याचा अंदाज चुकला होता. तुकडा शंभर फुटांचा नव्हता, साठचा असेल.

मी कॅमेरा डोळ्यावरून काढला नाही. थांबा म्हणालो नाही. म्हातारा धापा टाकत होता, पुन्हा पळायला लावलं असतं तर काय झालं असतं कोण जाणे. उद्या चांगल्या रोलवर नीट घेऊ, तेव्हा सांगू, असं मी मनाशी म्हटलं. पळीचं त्यांनी पुढं सगळं केलं. ते काय केलं ते शेवटी सांगतो.

तो 'उद्या' वेगळाच निघाला. दिग्दर्शकांना मी सकाळची हकीकत सांगितली तशी ते उशीवरून उठून बसले. त्यांचं नाव घेत नाही, ते आता हयात नाहीत. "चित्ता नाही आणि चित्त्याची शिकार? प्रेक्षक हसतील हो," ते म्हणाले. "एक सर्कस उतरलीय इचलकरंजीला. त्यांचा बिबट्या आणू. काळविटांचे शॉट आपल्याकडं आहेतच सोलापूरकडचे. जोडून टाकू. लांबून कोण ओळखतंय?"

आता या ठिकाणी माणसानं गप्प बसावं. पण मी शिकलेला, आणि पंधरा दिवसांचं ज्ञान पोटात मावत नव्हतं. मी म्हणालो, "साहेब, लोक ओळखतील. चित्त्याच्या तोंडावर डोळ्यापासून काळी रेघ असते."

"मग?"

"काजळानं काढता येईल."

ही अक्कल माझी. दिग्दर्शकांची नाही, कंपनीची नाही. त्यांनी माझी पाठ थोपटली आणि मला बरं वाटलं, हेही लिहून ठेवतो.

दोन दिवसांनी सर्कसवाल्यानं एक म्हातारी मादी आणली. राणी नावाची, दात झिजलेली, खाऊन सुस्त. स्टुडिओतल्या रंगभूषाकारानं एरंडेलात कालवलेलं काजळ तिच्या डोळ्यांखाली ओढलं. या वेळी बैलगाडी स्टुडिओची होती, रामूअण्णांना बोलावलं नव्हतं. चाचा गाडीतून उतरले आणि तिच्यापुढं कमरेवर हात ठेवून उभे राहिले.

"ह्या बाईला कुनी रडिवली?"

सगळे हसले. चाचाही हसले. मग त्यांनी रंगभूषाकाराकडं पाहिलं, दिग्दर्शकांकडं पाहिलं, आणि शेवटी माझ्याकडं. हसू गेलं.

"रेघंचं ह्यास्नी तू सांगिटलंस?"

मी मान खाली घातली.

"मी तुला वळखाय शिकिवलं, बीए. फसवाय न्हाई."

"चाचा, एवढं करा," मी म्हणालो. "नाहीतर तुमचा भागच काढून टाकतील. मग काहीच राहायचं नाही." खरं म्हणजे भाग काढला असता तर माझं नावही त्याबरोबर बारीक झालं असतं.

चाचांनी कोटाच्या खिशातून टोपी काढली. बिबट्याचं डोकं चित्त्यापेक्षा मोठं असतं. टोपी बसेना. सर्कसवाल्यानं पुढं होऊन ती दाबून बसवली, आणि टर्र असा आवाज झाला. मधली शिवण उसवली. आप्पांचे टाके. आप्पा जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती.

चाचांनी उसवलेली टोपी तिच्या डोक्यावर हातानं धरून ठेवली आणि शॉट दिला. पहिल्याच वेळी ओके. पळीचं विचारलं तर दिग्दर्शक म्हणाले, "रक्तबिक्त नको, सेन्सॉर कापेल." चाचांनी पुन्हा विचारलं नाही. जाताना टोपी माझ्या हातात दिली. "शिवून आन," म्हणाले. मग जणू आठवण झाल्यासारखे, "हां. तुला कुटं येतंय," असं म्हणून परत घेतली.

सहा-सात महिन्यांनी माहितीपट कोल्हापुरात लागला. चाचांना कुणी कळवलं ठाऊक नाही. मी तीनच्या खेळाला गेलो तर पुढच्या रांगेत चाचा, जुबेदा, गल्लीतली दहा-बारा माणसं आणि रामूअण्णा. पडद्यावर माझं नाव आलं. मग गाडी आली, चाचा आले, राणी आली. थिएटरात शिट्या वाजल्या. आणि त्या शिट्यांवरून रामूअण्णांचा आवाज आला.

"आरं, ह्यो बिबट्या हाय की रं! दस्तगीर, म्हातारपनी इसारलास व्हय?"

सगळं थिएटर हसलं. रामूअण्णांनी चेष्टा केली होती, नेहमीसारखी. त्यांना तरी काय माहीत. मध्येच सोलापूरचं काळवीट उडालं, पुढच्या क्षणी दुसऱ्याच गावची मधाची पोळी दिसायला लागली. चाचांचा भाग संपला होता. मला पुढच्या रांगेत त्यांची मान दिसत होती. ती थोडी पुढं झुकलेली होती. अजून काहीतरी येईल म्हणून वाट बघत होते.

बाहेर पायरीवर त्यांनी मला गाठलं. मला वाटलं शिव्या देतील. दिल्या असत्या तर आज मी हे लिहीत बसलो नसतो.

"ऱ्हाऊ दे," ते म्हणाले. "ते त्यांचं पिच्चर झालं. आपलं डब्यात हाय न्हवं? त्या सकाळचं?"

"आहे, चाचा."

"पळीसकट?"

रस्त्यावर टांग्यांची गर्दी होती. जुबेदा त्यांचा हात धरून उभी होती. मी म्हणालो, "आहे."

"मंग झालं," ते म्हणाले, आणि लेकीला घेऊन गेले.

त्यानंतर मी त्या गल्लीतून जायचं टाळायला लागलो. कामं वाढली, बाहेरगावी राहायचो. कधी रामूअण्णा भेटायचे, कधी गल्लीतलं कुणी. निरोप एकच. "चाचा इचारत्यात, बीए डबा कदी दावतोय?" मी कधी मशीन नाही म्हणायचो, कधी डबा मुंबईला आहे म्हणायचो. कंपनीच्या कामाबरोबर धुऊन, छापून आलेला तो डबा माझ्या कपाटात, आप्पांच्या आरीशेजारी होता. जंगलात गव्यासाठी अकरा दिवस बसणारा मी, त्या गल्लीत दहा मिनिटं जाऊ शकलो नाही. चाचा पाच-सहा वर्षं आणखी जगले. गेले तेव्हा मी कारवारच्या रानात धनेशाच्या ढोलीखाली मचाण बांधून बसलो होतो. परत आल्यावर कळलं.

जुबेदा माझ्याकडं आली ती ऐंशीनंतर. केस पिकले होते, तिला नातवंडं झाली होती. दारातूनच म्हणाली, "दादा, आमच्या गल्लीत परवा टीव्हीवर चित्ता दावला, आफ्रिकेतला. पोरं इचारत हुती, आपल्या पणज्यानं खरंच असला पाळलाय का म्हनून. मी म्हनलं, पुरावा हाय. बीएकाकांच्याकडं डबा हाय. अब्बा सगळ्यास्नी सांगायचं की, थेटरातलं खोटं, पर बीएकडं खरं हाय. पळीसकट."

आता कुठं पळणार?

थिएटरचा प्रोजेक्टर चालवणारा माझ्या ओळखीचा होता. सकाळी पहिल्या खेळाआधी त्यानं तुकडा लावायचं कबूल केलं. झाडूवाली खुर्च्यांखालून शेंगांची टरफलं गोळा करत होती. तेच थिएटर. मी आणि जुबेदा मधल्या रांगेत बसलो. आवाज नव्हताच. पडद्यावर माळ आला. रामूअण्णांची गाडी आली, तोवर तेही वारले होते. चाचांचा डावा हात हवेत स्थिर झाला. टोपी निघाली. हनुवटी वळली. मान डावीकडून उजवीकडं फिरली, आणि मी चोरून पाहिलं तर जुबेदाची मानही फिरली. कोपऱ्यातली झाडूवाली झाडू धरून उभी राहिली होती आणि तीही माळाच्या त्या टोकाकडं बघत होती. चाचा पळाले, थांबले, वाकायला लागले. पडदा पांढरा झाला.

जुबेदा वाट बघत राहिली. बापासारखीच, मान थोडी पुढं करून.

"म्होरलं?"

"एवढंच आहे," मी म्हणालो. "फिल्म संपली होती."

"तुमाला कळलं न्हाई?"

"कळलं होतं. त्याच क्षणी कळलं होतं."

पांढऱ्या पडद्याकडं बघतच ती म्हणाली, "मंग अब्बा वाकलं ते कुनासाटी?"

एक गोष्ट खरी. ते मी पाहिलंय. कॅमेऱ्यानं पाहिलं नाही, रामूअण्णा बैलांना आवरत होते, म्हणजे जगात मी एकट्यानं पाहिलंय. आता डोळ्यांत मोतीबिंदू उतरलाय आणि डॉक्टर तारीख देतायत, म्हणून ते लिहून ठेवतो. संपादकांनी कापू नये.

चाचा सरळ जनावरावर गेले नाहीत. दोन पावलं बाजूनं गेले आणि जमिनीवर बसले. काहीतरी बोलत होते, हळू आवाजात, लहान पोराशी बोलावं तसं. बसल्या बसल्याच पुढं सरकले. डावा हात पुन्हा त्याच उंचीवर गेला, चित्त्याच्या मानेवर. उजव्या हातानं सुरी काढल्यासारखं केलं, ओठ हलले, अल्लाचं नाव घेतलं असावं, आणि पळी काळविटाच्या गळ्याखाली धरली. ती रक्तानं भरेपर्यंत थांबले. मी रिकाम्या कॅमेऱ्याला पुन्हा चावी दिली, त्यांना आवाज ऐकू यावा म्हणून. भरलेली पळी त्यांनी सांडू न देता चित्त्याच्या नाकाखाली नेली. त्यानं दात सोडले असणार, कारण चाचांचा चेहरा सैल झाला. तो पळीतलं चाटत असताना त्यांनी गुडघ्यानं शिकार हळूहळू मागं ढकलली, त्याच्या नजरेआड. इतकी हळू, की त्याला आपलं काही गेलंय असं वाटूच नये. मग टोपी घातली, मागच्या वाद्या बांधल्या. पळी खाली ठेवली. कोटाच्या टोकानं त्याचं तोंड पुसलं, आधी डावीकडून, मग उजवीकडून. हनुवटीखाली खाजवलं.

मग माझ्याकडं वळून, धापा टाकत, हसत म्हणाले, "आलं का सगळं, बीए?"

"आलं, चाचा," मी म्हणालो.